श्वासविराम व श्वासस्तंभन, बालकांतील

अर्भकाच्या किंवा लहान मुलाच्या श्वसनात काही काळ पडणाऱ्या खंडास सामान्यपणे श्वासविराम म्हणतात. पाहणाऱ्यास ही घटना एकच दिसत असली, तरी तिच्यामागे निदान चार भिन्न अवस्था असू शकतात : (१) जन्मतः श्वास सुरूच न होणे, म्हणजे जन्मकालीन श्वासावरोध, (२) अपुऱ्या दिवसांच्या अर्भकात मेंदूतील श्वसनकेंद्र पक्व न झाल्यामुळे वारंवार पडणारा खंड, म्हणजे अपक्वताजन्य श्वासविराम, (३) एरव्ही निरोगी असलेले मूल दुखावल्यावर, चिडल्यावर वा दचकल्यावर श्वास कोंडून निळे अथवा पांढरे पडते व क्षणभर त्याची शुद्ध हरपते, ते श्वासस्तंभन, आणि (४) अपस्मार, डांग्या खोकला, जंतुसंसर्ग, हृदयाच्या ठोक्यांतील अनियमितता इ. विकारांचे लक्षण म्हणून थांबणारा श्वास. यांपैकी पहिल्या अवस्थेत काही मिनिटांत उपाय न झाल्यास मृत्यू ओढवतो; तिसरी बहुधा आपोआप ओसरते. या अवस्था एकमेकींपासून वेगळ्या ओळखण्यास वैद्यकाला फार मोठा काळ लागला. तोपर्यंत निरुपद्रवी विकारावर घातक उपचार आणि घातक विकाराकडे दुर्लक्ष, असे दोन्ही प्रकार घडत राहिले. प्रस्तुत नोंदीत या वर्गीकरणाचा इतिहास महाराष्ट्र आणि विशेषतः मुंबई व तिची उपनगरे यांच्या संदर्भासह दिला आहे.

प्राचीन भारतीय वैद्यक : न रडणाऱ्या नवजात अर्भकाचे पुनरुज्जीवन कसे करावे, याचे पद्धतशीर वर्णन चरकसंहितेच्या शारीरस्थानातील आठव्या अध्यायात आढळते. अर्भकाच्या कानांच्या मुळाशी दोन दगड एकमेकांवर आपटून नाद करावा, तोंडावर थंड किंवा गरम पाणी शिंपडावे आणि तरीही हालचाल न झाल्यास प्राण परत येईपर्यंत सुपाने वारा घालावा, असे तेथे सांगितले आहे. त्यानंतर नखे कापलेल्या बोटाला कापूस गुंडाळून टाळू, ओठ, जीभ व घसा पुसून घेण्याची सूचना आहे. आवाज, स्पर्श व तापमानातील बदल यांनी श्वसनाला चेतना देणे आणि श्वासमार्ग मोकळा करणे, ही दोन्ही तत्त्वे आधुनिक पद्धतीतही आहेत. मात्र फुप्फुसांत बाहेरून हवा भरण्याची कल्पना या वर्णनात नाही.

जन्मानंतरच्या काळातील आकस्मिक विकारांची मांडणी प्राचीन ग्रंथांत निराळ्या रीतीने केलेली दिसते. सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रात स्कंद, स्कंदापस्मार, शकुनी, रेवती, पूतना इ. नऊ बालग्रहांचे वर्णन आहे. स्कंदापस्माराने पछाडलेले मूल बेशुद्ध होते, पुन्हा शुद्धीवर येते, हातपाय झाडते व त्याच्या तोंडाला फेस येतो, असे म्हटले आहे. हे वर्णन अपस्माराशी बरेच जुळते. तथापि ज्या मुलाची शुद्ध रडता रडता क्षणभर हरपते, तेही याच सदरात घातले गेले असण्याचा संभव आहे. कारण झटक्यापूर्वी काय घडले, यापेक्षा झटक्यात काय दिसले, यावर ही वर्गवारी आधारलेली होती.

लोकसमजुती व लोकोपचार : महाराष्ट्रातील लोकव्यवहारात ‘बालग्रह’ हा शब्द प्राचीन ग्रंथांतून उतरला, तर ‘आकडी’, ‘दातखीळ’, ‘झटका’ हे शब्द बोलीत रूढ झाले. मूल रडता रडता निळे पडले की दृष्ट लागली असे समजून मीठ-मोहऱ्या ओवाळणे, तोंडावर फुंकर मारणे, पाणी शिंपडणे, कांदा हुंगविणे, दातांच्या फटीत चमचा घालणे इ. उपाय केले जात. श्वासस्तंभन अर्ध्या-एक मिनिटात स्वतःहूनच संपत असल्याने, जो उपाय शेवटी केला त्यालाच यश मिळाल्याचे वाटे व तो उपाय पुढच्या पिढीकडे जाई. यांतील बरेच उपाय निरुपद्रवी आहेत. चमचा घालण्याने मात्र दात मोडणे वा श्वासमार्गात अडथळा येणे संभवते. मेळघाटात पोट फुगलेल्या किंवा धाप लागलेल्या अर्भकाच्या पोटावर तापलेल्या लोखंडाने डाग देण्याची ‘डंबा’ नावाची प्रथा प्रचलित होती व तिच्या घटना विसाव्या शतकानंतरही उघडकीस आल्या आहेत. यात मूळ रोगाचा उपचार लांबतो व भाजल्याच्या जखमेची भर पडते.

औद्योगिक मुंबईत याहून वेगळा धोका निर्माण झाला. गिरणीत काम करणाऱ्या स्त्रियांना तान्हे मूल दिवसभर चाळीच्या खोलीत ठेवून जावे लागे व ते शांत राहावे म्हणून त्याला अफूमिश्रित ‘बाळगोळी’ देण्यात येई. मुंबई सरकारच्या लेबर गॅझेट या नियतकालिकात १९२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या डॉ. बार्न्स यांच्या अहवालात कामगार स्त्रियांच्या मुलांपैकी शेकडा ९८ मुलांना अफू दिली जाते, असे नमूद केले होते. अफू मेंदूतील श्वसनकेंद्राची क्रिया मंद करते आणि लहान अर्भकात ही क्रिया मुळातच अस्थिर असते. त्यामुळे मात्रा किंचित वाढली, तरी झोपेतच श्वास थांबण्याचा धोका असतो. बाळगोळीचा प्रश्न केवळ अज्ञानाचा नव्हता. आईला रजा व मुलाला सांभाळणारे कोणी नाही, हे त्याचे मूळ होते. मुंबई विधिमंडळात १९२८ मध्ये प्रसूतिलाभ विधेयकावर चर्चा झाली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी त्याला पाठिंबा दिला व १९२९ मध्ये कायदा झाला. बालकांच्या श्वसनाच्या इतिहासात हा कायदा सहसा उल्लेखिला जात नाही. परंतु त्याचे तेथील स्थान औषधांच्या शोधांइतकेच महत्त्वाचे आहे.

यूरोपातील कल्पना : राग वा दुःख यांच्या आवेगाने मुलाचा श्वास अडतो व आवेग शमताच तो मोकळा होतो, असे निरीक्षण सतराव्या शतकातील इंग्रज लेखक निकोलस कल्पेपर यांच्या नावावरील वैद्यकीय लेखनात आढळते. श्वासस्तंभनाचे हे सर्वांत जुन्या वर्णनांपैकी एक समजतात. एकोणिसाव्या शतकात मात्र या साध्या निरीक्षणाचा विसर पडला. जर्मन वैद्य योहान हाइन्रिख कोप यांनी १८३० च्या सुमारास असे मत मांडले, की छातीच्या हाडामागील यौवनलोपी ग्रंथी मोठी होऊन श्वासनलिकेवर दाब पडतो व त्यामुळे मुलाचा श्वास अडतो. १८८९ मध्ये आर्नोल्ट पाल्टाउफ यांनी याच ग्रंथीच्या वाढीचा आकस्मिक बालमृत्यूंशी संबंध जोडला. निरोगी अर्भकात ही ग्रंथी मोठीच असते. दीर्घ आजाराने मेलेल्या मुलांत ती आक्रसलेली आढळे व शवविच्छेदन मुख्यतः अशाच मुलांचे होत असल्यामुळे आक्रसलेला आकार हाच प्राकृत मानला गेला. या चुकीचे परिणाम दूरवर गेले. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकापासून अमेरिकेत अनेक अर्भकांच्या ग्रंथीवर क्ष-किरणांचा मारा करण्यात आला. अशा मुलांत पुढे अवटू ग्रंथीचा कर्करोग अधिक आढळतो, हे १९५० मध्ये डफी व फिट्सजेरल्ड यांनी दाखवून दिल्यावर हा उपचार मागे पडत गेला.

श्वासस्तंभनाचे स्वरूप : विसाव्या शतकाच्या मध्यास बालमानसशास्त्राच्या प्रभावामुळे श्वासस्तंभन हा हट्टी मुलाचा किंवा सदोष संगोपनाचा परिणाम मानला जाई. मूल श्वास ‘धरून ठेवते’ अशा अर्थाच्या इंग्रजी नावामुळेही ते हे जाणूनबुजून करते, असा ग्रह झाला. प्रत्यक्षात श्वास थांबतो तो बहुधा उच्छ्वासाच्या अखेरीस, म्हणजे फुप्फुसे रिकामी असताना, आणि ही क्रिया मुलाच्या इच्छेच्या अधीन नसते. झटके येणाऱ्या व न येणाऱ्या मुलांच्या वर्तनात महत्त्वाचा फरक आढळत नाही, असे १९९३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तुलनात्मक अभ्यासातून दिसून आले.

बॉस्टन येथील सी. टी. लोम्ब्रोसो आणि पी. लर्मन यांनी १९६७ मध्ये अशा २२५ मुलांच्या अभ्यासावरून या विकाराचे दोन प्रकार स्पष्ट केले. नील प्रकारात मूल राग वा निराशेने जोराने रडते, उच्छ्वासाच्या शेवटी श्वास थांबतो, ओठ व चेहरा निळा पडतो आणि अंग सैल पडते वा ताठते. हा प्रकार अधिक आढळतो. पांडुर प्रकारात अचानक पडल्याने, विशेषतः डोक्याला मार बसल्याने वा दचकल्याने मूल फारसे न रडताच पांढरेफटक पडते. येथे प्राणेशा तंत्रिकेच्या प्रतिक्षेपी क्रियेमुळे हृदयाचे ठोके काही सेकंद मंदावतात वा थांबतात व मेंदूला रक्त कमी पडते. ग्लासगो येथील जे. बी. पी. स्टीव्हन्सन यांनी १९७८ मध्ये हा प्रकार अपस्माराहून सर्वस्वी भिन्न असल्याचे ठामपणे मांडले. दोन्ही प्रकारांत हातापायांना झटके येऊ शकतात. म्हणूनच अनेक मुलांना वर्षानुवर्षे अपस्मारविरोधी औषधे निष्कारण दिली गेली. निदानाचा खरा आधार यंत्रात नसून क्रमात आहे. श्वासस्तंभनात आधी कारण घडते, मग रडणे वा दचकणे, मग वर्णात बदल व शेवटी शुद्ध हरपणे, असा क्रम असतो. अपस्मारात बहुधा कारणाशिवाय झटका सुरू होतो व वर्णातील बदल झाला तर नंतर होतो. यामुळे आईने वा आजीने सांगितलेला वृत्तांत हेच निदानाचे मुख्य साधन ठरते.

हे झटके बहुधा सहा महिने ते दीड वर्ष या वयात सुरू होतात व सहाव्या वर्षापर्यंत बहुतेक मुलांत थांबतात. पुष्कळ कुटुंबांत आईवडील वा भावंडांनाही लहानपणी असा त्रास झाल्याचे आढळते.

पांडुरोगाशी संबंध : सेंट लूइस येथील हॉलोवॅक व थर्स्टन यांनी १९६३ मध्ये श्वासस्तंभन व रक्तक्षय यांचा संबंध निदर्शनास आणला. जॉर्डन येथील दाऊद व सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या चाचणीत लोह दिलेल्या बहुसंख्य मुलांचे झटके थांबले किंवा कमी झाले. लोहाऐवजी निष्क्रिय औषध घेतलेल्या मुलांत असा परिणाम क्वचितच दिसला. लोह हे मज्जासंस्थेतील काही रासायनिक क्रियांनाही आवश्यक असते व त्याच्या न्यूनतेमुळे हृदय व श्वसन यांचे प्रतिक्षेपी नियंत्रण बिघडत असावे, असे मानतात. या शोधाचे महाराष्ट्रात विशेष महत्त्व आहे. २०१९–२१ या काळातील राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार राज्यातील सहा महिने ते पाच वर्षे या वयाच्या मुलांपैकी ६८·९ टक्के मुले रक्तक्षयग्रस्त होती. आधीच्या पाहणीत (२०१५–१६) हेच प्रमाण ५३·८ टक्के होते. या वयोगटाला आठवड्यातून दोनदा लोहयुक्त पातळ औषध देण्याची शासकीय योजना आहे. ज्या विकारासाठी अंगारे, गंडे व महागड्या तपासण्या यांवर खर्च होतो, त्याच्यावरील उपाय कित्येकदा आरोग्यकेंद्रातील औषधाच्या एका बाटलीत असतो.

अपक्वताजन्य श्वासविराम : पूर्ण दिवसांच्या निरोगी अर्भकाच्या झोपेतही पाच ते दहा सेकंदांचे खंड पडतात व पुन्हा जलद श्वास सुरू होतो. हे आवर्ती श्वसन स्वाभाविक आहे. खंड २० सेकंदांहून अधिक टिकल्यास, किंवा त्याहून लहान असूनही हृदयाचे ठोके मंदावल्यास अथवा वर्ण निळा पडल्यास तो विकार समजतात. गर्भावधी जितका अपुरा, तितके हे प्रमाण अधिक असते. पूर्वी परिचारिकेने अर्भकाच्या तळपायाला टिचकी मारून श्वास चालू करणे, हाच मुख्य उपाय होता. श्वासमार्गात सतत सौम्य दाब ठेवून फुप्फुसे मिटू न देण्याची पद्धत जॉर्ज ग्रेगरी यांनी १९७१ मध्ये वर्णिली. १९७३ मध्ये अमिनोफायलिन व १९७७ मध्ये कॅफीन या औषधांचा उपयोग प्रसिद्ध झाला. चहा-कॉफीतील हा उत्तेजक पदार्थ अपुऱ्या दिवसांच्या अर्भकांत सुरक्षित असून त्यामुळे पुढील विकासातील दोषही घटतात, हे २००६ व २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आंतरराष्ट्रीय चाचणीने सिद्ध केले.

आकस्मिक मृत्यू व यांत्रिक देखरेख : झोपेतील श्वासविराम हीच अर्भकांच्या आकस्मिक मृत्यूची पूर्वसूचना होय, असा सिद्धांत आल्फ्रेड स्टाइनश्नायडर यांनी १९७२ मध्ये मांडला. त्यानंतर अमेरिकेत हजारो घरांत श्वासमापक यंत्रे लावण्यात आली. सिद्धांताचा मुख्य आधार असलेली दोन भावंडे नैसर्गिक रीत्या मेली नव्हती. १९९५ मध्ये त्यांच्या आईवर आपल्या पाच मुलांच्या हत्येचा गुन्हा शाबीत झाला. यंत्रांमुळे मृत्यू कमी झाल्याचेही दिसून आले नाही. ज्या उपायाने या मृत्यूंची संख्या निश्चितपणे घटली, तो अगदी साधा होता : अर्भकाला पालथे न झोपविता उताणे झोपविणे. या आशयाच्या मोहिमा १९९० नंतरच्या दशकात न्यूझीलंड, ब्रिटन, अमेरिका इ. देशांत राबविण्यात आल्या. तरीही घरगुती वापराची अशी यंत्रे बाजारात येत राहिली व भारतीय शहरांतही ती विकली जाऊ लागली.

मुंबई व उपनगरे : मुंबईत बालरोगांसाठी स्वतंत्र अशा बाई जेरबाई वाडिया रुग्णालयाची परळ येथे १९२९ मध्ये स्थापना झाली. साष्टी बेटावरील गावे त्या वेळी शहराच्या हद्दीबाहेर होती व तेथील बाळंतपणे मुख्यतः सुइणींच्या हाती होती. शहराची हद्द १९५० मध्ये पश्चिमेस जोगेश्वरीपर्यंत व पूर्वेस भांडुपपर्यंत, तर १९५७ मध्ये अनुक्रमे दहिसर व मुलुंडपर्यंत वाढली. अशा रीतीने अंधेरी, घाटकोपर, बोरिवली व मुलुंड ही उपनगरे टप्प्याटप्प्याने महानगरपालिकेच्या आरोग्यसेवेत आली. महापालिकेची प्रसूतिगृहे आणि विलेपार्ले येथील कूपर, घाटकोपर येथील राजावाडी, बोरिवली येथील भगवती व मुलुंड येथील अगरवाल ही रुग्णालये यांमुळे रुग्णालयीन प्रसूतीचे प्रमाण वाढले. तथापि अतिलघुभार अर्भकांची विशेष शुश्रूषा दीर्घ काळ परळ व शीव येथेच एकवटलेली होती. श्वास थांबण्याचा धोका असलेल्या अर्भकाला दूरच्या उपनगरातून तेथवर नेणे, हाच उपचारातील सर्वांत दुबळा दुवा ठरे.

शीव येथील लोकमान्य टिळक रुग्णालयात डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांच्या पुढाकाराने १९८९ मध्ये मातृदुग्धपेढी सुरू झाली. ती आशियातील पहिली समजली जाते. अपुऱ्या दिवसांच्या अर्भकात जंतुसंसर्ग हे श्वासविरामाचे एक प्रमुख कारण असल्याने, संसर्गापासून संरक्षण देणाऱ्या मातेच्या दुधाचे महत्त्व येथे विशेष आहे. परळच्या के. ई. एम. रुग्णालयात अर्भकाला आईच्या उघड्या छातीशी सतत ठेवण्याच्या पद्धतीची चाचणी घेण्यात आली. तीत अर्भकांचे वजन अधिक वेगाने वाढते व अंग गार पडण्याचे प्रमाण घटते, असे आढळले (२००८). डॉ. फर्नांडिस यांनी १९९९ मध्ये स्थापन केलेल्या ‘स्नेहा’ या संस्थेने महापालिकेच्या सहकार्याने प्रसूतिगृहे व मोठी रुग्णालये यांतील दुवा बळकट करण्याचे कार्य केले. अंधेरी, मालाड इ. भागांतील वस्त्यांतही तिने स्त्रियांचे गट चालविले. या गटांच्या २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मूल्यमापनात नवजात मृत्यूंमध्ये अपेक्षित घट आढळली नाही. शहरी वस्तीत केवळ प्रबोधन पुरेसे नसून सेवेची गुणवत्ताही सुधारावी लागते, असा बोध त्यातून घेता येतो.

गडचिरोलीचा प्रयोग : रुग्णालय जवळ नसेल तेथे काय करावे, याचे उत्तर राज्याच्या दुसऱ्या टोकास शोधले गेले. डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेने गडचिरोली जिल्ह्यातील ३९ गावांत १९९५ पासून थोडेफार शिकलेल्या स्थानिक स्त्रियांना घरगुती नवजात-शुश्रूषेचे शिक्षण दिले. त्यात न रडणाऱ्या अर्भकाला श्वास देण्याचाही समावेश होता. प्रारंभी तोंडाने, नंतर नळी व मुखवटा वापरून आणि पुढे हाताने दाबण्याची पिशवी व मुखवटा यांच्या साहाय्याने हवा देण्यात येऊ लागली. तीव्र श्वासावरोध झालेल्या अर्भकांतील मृत्यूचे प्रमाण ३९ टक्क्यांवरून २० टक्क्यांवर आले. संपूर्ण प्रयोगाचे निष्कर्ष १९९९ मध्ये लॅन्सेट या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. तुलनेच्या गावांच्या मानाने नवजात मृत्यूंत ६२ टक्के घट झाल्याचे त्यांवरून दिसले. या अनुभवाच्या आधारे आशा कार्यकर्तीने नवजात अर्भकाच्या घरी भेटी देण्याचा कार्यक्रम २०११ मध्ये देशभर स्वीकारण्यात आला. तत्पूर्वी २००९ मध्ये प्रसूतिस्थळीच पुनरुज्जीवन करण्याचे प्रशिक्षण देणारा नवजात शिशु सुरक्षा कार्यक्रम केंद्र शासनाने सुरू केला होता.

सद्यःस्थिती : श्वासस्तंभनाचा झटका आल्यास मुलाला कुशीवर आडवे ठेवावे, आसपासच्या कठीण वस्तू दूर कराव्यात, तोंडात काही घालू नये व मुलाला गदागदा हलवू नये. झटक्याच्या भीतीने त्याचा प्रत्येक हट्ट पुरविणे वा त्याला शिक्षा करणे, दोन्ही अयोग्य होत. रक्ततपासणी करून आवश्यकतेनुसार लोह द्यावे. सहा महिन्यांखालील अर्भकाचा श्वास थांबणे, झोपेत वा खेळताना कारणाशिवाय शुद्ध हरपणे, झटका एक मिनिटाहून अधिक टिकणे, कुटुंबात तरुण वयातील आकस्मिक मृत्यू झालेला असणे, यांपैकी काहीही असल्यास तातडीने वैद्यकीय तपासणी व हृदयविद्युत् आलेख आवश्यक ठरतो. दोन-तीन महिन्यांच्या अर्भकात डांग्या खोकला प्रत्यक्ष खोकल्याऐवजी केवळ श्वासविरामाच्या रूपाने प्रकट होऊ शकतो, म्हणून लसीकरण वेळेवर होणे महत्त्वाचे असते.

या विषयातील प्रगती मुख्यतः भेद ओळखण्याची आहे. ग्रहबाधा, ग्रंथीची वाढ, हट्टीपणा, अपस्मार अशी नावे एकाच दृश्याला क्रमाने मिळत गेली व प्रत्येक नावाबरोबर त्या त्या काळचा उपचार मुलाच्या वाट्यास आला. श्वास केव्हा, कशानंतर व किती वेळ थांबला, हे तीन प्रश्न विचारले गेले तेव्हाच या अवस्था वेगळ्या झाल्या. त्यांची उत्तरे आजही प्रथम घरातील माणसांकडूनच मिळतात.